बेचाळिसावी बाई

मेलेल्या माणसाचं पोस्टकार्ड आलं तेव्हा गंगाधर पाचवीच्या वर्गाला वांगं शिकवत होता. टेबलावर वांगं होतं, वांग्याखाली हेडमास्तरांचा रुमाल होता, आणि फळ्यावर गंगाधरनं काढलेलं वांगं होतं. ते इतकं नीटनेटकं आलं होतं, की टेबलावरचं खरं वांगं त्याच्यापुढं जरा गबाळं दिसत होतं. शाळेचा शिपाई चिमाजी दारात उभा राहिला आणि कार्ड उलटसुलट करत म्हणाला, “मास्तर, तुमचं हाय. कुना लेकरानं लिवल्यालं दिसतंय.” अक्षरं खरंच लेकराची होती. मोठी, डावीकडं कललेली, शिरोरेघ सुटून वर गेलेली. ‘गंगाधर. मी मुंबईत. शनिवार येतो. फळी कोरडी ना? हाल्वोर.’ वर ‘श्री’ नव्हतं. हाल्वोर नेसविक, नॉर्वे देशाचा चित्रकार, दीड वर्षापूर्वी वारला होता. त्याचे दिवसवार रीतसर झाले होते. अग्नी खुद्द गंगाधरनं दिला होता. दोन पितृपक्षांत त्याला पिंड गेले होते आणि दोन्ही वेळा कावळा लगेच शिवला होता. एवढं सगळं झाल्यावर माणसानं पोस्टकार्ड टाकावं, हे काही बरं नव्हे. पण गंगाधरला भीती वाटली ती भुताची नव्हे. भूत असतं तर बरंच झालं असतं, भुताला फळी दाखवावी लागत नाही. फळी कोरडी होती. जागेवर होती, वाळवी लागली नव्हती, चिरली नव्हती. फक्त तिच्यावरचं चित्र तेवढं नव्हतं. ते गंगाधरनं रंध्यानं तासून काढलं होतं.

“कुनाचं हाय?” चिमाजीनं विचारलं. “एका ओळखीच्यांचं,” गंगाधर म्हणाला, आणि वर्गाकडं वळून वांग्याच्या देठाला सावली देऊ लागला. ती सावली देठाच्या उजेडाच्या बाजूला पडली. गेल्या चार वर्षांत त्याच्या हातून अशी चूक झाली नव्हती. वर्गात कुणाच्या ती लक्षात आली नाही. बेचाळीस पाट्यांवर बेचाळीस देठ उजेडातच काळे झाले.

कार्ड त्यानं खडूच्या डब्यात घातलं. हा डबा चपटा, पत्र्याचा, कडा गोल वळवलेला. झाकणावरचा रंग उडाला होता, तरी नीट पाहिलं तर त्यावर बंदराचा एक धक्का दिसे, धक्क्यावर पाठमोरी बाई आणि बाईपुढं समुद्र. डबा मासळीचा होता. ही गोष्ट गंगाधरनं घरी सांगितली नव्हती. त्याचे वडील गोविंदभट हे नाशकातल्या गंगेवरचे, म्हणजे गोदावरीवरचे क्षेत्रोपाध्ये, त्यांना सगळे नाना म्हणत. मुलगा मासळीच्या डब्यात हात घालून म्युनिसिपालिटीची मुलं शिकवतो हे त्यांना कळलं असतं, तर त्यांनी आधी डबा आणि मग मुलगा गंगेत बुचकळून काढला असता. झाकणावरची बाई हे हाल्वोरचं जगातलं सगळ्यात प्रसिद्ध चित्र होतं. त्यानं स्वतःच एकदा हिशेब सांगितला होता: आयुष्यात चित्रांची प्रदर्शनं सतरा, पाहायला आलेली माणसं सगळी मिळून एका लग्नाला पुरतील एवढी. आणि मासळीच्या कारखान्यानं ते चित्र डब्यावर घातल्यावर ते लाखो घरांत गेलं. लोकांनी मासळी खाल्ली आणि बाई फेकून दिली. हे सांगताना तो हसला नव्हता. तो हसण्यासारखं काही सांगताना कधीच हसत नसे, आणि इतर वेळी उगाचच हसे. त्यामुळं गंगाधरला सव्वा वर्ष त्याच्यासमोर आपला चेहरा कुठं ठेवावा ते समजलं नाही.

हाल्वोरचा जन्म अशा बेटावरचा, की तिथं झाड उगवत नाही. सातव्या वर्षी त्याला बापानं होडीतून पलीकडच्या किनाऱ्यावर नेलं आणि तिथं त्यानं पहिलं झाड पाहिलं. त्यानं विचारलं, हे कुणी केलं? बाप म्हणाला, देवानं. त्यावर हाल्वोरनं विचारलं, मग आमच्याकडं का नाही केलं? बापानं थोबाडीत दिली. चित्रकलेचं शिक्षण तिथून सुरू झालं, असं तो म्हणे. थोरला भाऊ येन्स खलाशी झाला आणि जहाजावर गेला. त्याचं शेवटचं पत्र मुंबईहून आलं, नव्व्याण्णव साली. पुढं ना पत्र ना माणूस. आई रोज धक्क्यावर जाऊन उभी राही. पावसात, बर्फात, ताप असताना. बारा वर्षं ती उभी राहिली आणि मग एक दिवस घरातच गेली. हाल्वोरनं त्या धक्क्यावरच्या बाईचं चित्र एक्केचाळीस वेळा केलं. आधी तैलरंगात केलं. राजधानीत प्रदर्शन झालं, तेव्हा वर्तमानपत्रात आलं, की चित्रकाराची कामगिरी पाहवेना म्हणून बाईनं पाठ फिरवली असावी. मग जर्मनीत गेला. तिथं बिस्किटांचे लाकडी साचे कोरणारा एक म्हातारा भेटला, त्याच्याकडं त्यानं लाकूड कोरायला शिकून घेतलं आणि रंग लावून कागदावर छापायला लागला. “रंगाचं चित्र एक,” तो सांगे, “विकलं, गेलं. छापलं तर शंभर. मग ती जात नाही.” एकदा गंगाधरनं विचारलं, आईचा चेहरा कसा होता? हाल्वोर बराच वेळ बोटांवरची शाई पुसत बसला. मग म्हणाला, “ठाऊक नाही. ती येन्सकडं बघे. मला पाठ.”

अशा माणसानं साठी उलटल्यावर नाशकाला यावं हे ऐकायला विचित्र वाटतं, पण त्यामागं कारण होतं. भावाचा माग काढत तो मुंबईला उतरला. तिथल्या गोदीतल्या कुणी कारकुनानं त्याला सांगितलं, गेलेल्या माणसांचं सगळं नाशकाला असतं, भट लोक वह्यांत लिहून ठेवतात. हाल्वोरला वाटलं, हरवलेल्या सामानाची कचेरी असावी तशी ही काही व्यवस्था आहे. चौतीस सालच्या डिसेंबरात तो सकाळच्या गाडीनं आला, टांग्यानं गंगेवर पोचला, आणि रामकुंडाशी पहिले दिसले ते नाना, त्यांच्यापुढं टोपी काढून त्यानं भावाचं नाव सांगितलं. गंगाधर इंग्रजीचा दुभाषा म्हणून शेजारी उभा होता. दुसरा कुणी असता तर हसला असता. नानांनी नामावळीची चोपडी काढली. पिढ्यान्‌पिढ्या येणाऱ्या यजमानांची नावं तीत गावागावानं लिहिलेली होती. आणि त्यांनी खरोखर पानं उलटून पाहिली. “नेवासकर आहेत,” ते म्हणाले, “निफाडकर आहेत. नेसविक नाहीत. बापाचं नाव काय म्हणावं?” पेडर. “आजाचं?” हाल्वोर. “पणजाचं?” पेडर. नानांच्या चेहऱ्यावर समाधान पसरलं. “आजाचं नाव नातवाला. रीतीची माणसं दिसतात.” त्यांनी कोरं पान काढलं. गोत्र? गोत्र ठाऊक नसलेल्याचं कश्यप. गाव? गंगाधरनं बेटाचं नाव सांगितलं, ते नानांना लिहिता येईना, म्हणून त्यांनी ‘मु. नॉर्वे, समुद्राजवळ’ असं लिहिलं. त्या दिवसापासून गंगेवर त्याला नॉर्वेकर म्हणू लागले. महिनाभर विचार करून नानांनी येन्सच्या नावानं, नात्याबाहेरच्यांना देतात तो, एक धर्मपिंडही दिला. बाकीच्या भटांनी तोंडावर उपरणं धरून हसून घेतलं. नाना म्हणाले, “गंगेला विचारलं. ती काही बोलली नाही.”

भद्रकालीत महेबूबभाईंचा शिळाछापखाना होता. तिथं उर्दू लग्नपत्रिका आणि यात्रेकरूंसाठी रामपंचायतनाची चित्रं एकाच शाईत छापली जात. वरची खोली हाल्वोरला मिळाली, आणि शाळा सुटली की गंगाधर तिथं जाऊ लागला. त्याला वाटे, आपण शिष्य आहोत. हाल्वोरला काय वाटे कळत नसे. तो लाकडाचा वास घेई, त्याला कान लावी, आणि कागद हातात आला की आधी त्याचा एक कोपरा फाडी. प्रत्येक कागदाचा. फाटलेली कड उजेडाकडं धरून तंतू पाही. तंतू लांब असले तर कागद चांगला, आखूड तर शेंगा बांधायला. महेबूबभाई वैतागून म्हणत, “अरे मास्तर, तुमचा साहेब आख्ख्या रीमला उंदीर लागल्यासारखं करून ठेवतो. इन्सान हाय की घूस?” खोलीच्या कोपऱ्यात कागदी त्रिकोणांचा ढीग साठे. गंगाधरनं ते झाडून काढले होते. एकदा नाही, शंभरदा. हे शंभरदा फार महत्त्वाचं आहे, हे त्याला त्या वेळी ठाऊक नव्हतं. आता, वर्गात, डब्यात खडू शोधत असताना, ते सगळे त्रिकोण त्याच्या छातीत एकदम सरसरले.

शिकवणीच्या सव्वा वर्षात गंगाधरनं अठ्ठावीस चित्रं हाल्वोरला दाखवली. नारोशंकराचं देऊळ, पाण्यातली गाय, कापूर विकणारी म्हातारी. प्रत्येक चित्र हाल्वोर दोन्ही हातांनी दूर धरी, जवळ आणी, आणि म्हणे, “स्वच्छ.” एवढंच. मराठीत तो किती शब्द शिकला होता! घाण, सुंदर, भयंकर, जिवंत, आंबट. गंगेच्या पाण्याला तो एकदा आंबट म्हणाला होता. महेबूबभाईंच्या बोकडाला सुंदर म्हणाला होता. गंगाधरच्या वाट्याला मात्र अठ्ठावीस वेळा स्वच्छ. पायखान्याबद्दलसुद्धा माणूस याहून भावनेनं बोलतो.

आणि मग छत्तीस सालच्या माघात त्यानं अक्काला पाहिलं. अक्का म्हणजे गंगाधरची थोरली बहीण गोदावरी. चौदाव्या वर्षी नवरा प्लेगात गेला तेव्हापासून माहेरी. लाल आलवण, डोईवरून पदर, आणि पहाटेपासून कामाला जुंपलेली पाठ. घाटाच्या शेवटच्या पायरीवर ती पूजेची भांडी विसळत होती. हाल्वोर वरच्या पायरीवर थबकला. त्यानं गंगाधरचं मनगट धरलं, इतकं घट्ट, की बोटं उमटली. तीन आठवडे तो रोज सकाळी तिथं बसला. शिवणीच्या लाकडाची हातभर रुंद फळी मिळवली आणि सुऱ्यानं कोरायला लागला. पाठमोरी बाई, पुढं पाणी. फळीतल्या रेषांचंच पाणी केलं होतं. एक गाठ होती ती तिच्या खांद्यापाशी आली होती, जणू सारं ओझं तिथं येऊन बसलं होतं. गंगाधरनं पाहिलं आणि त्याला दोन गोष्टी एकदम कळल्या. ही आपली अक्का आहे, हे गंगेवरचं कुणीही आंधळं माणूस ओळखेल. आणि ही पाठ आपण सव्वीस वर्षं रोज पाहतो आहोत, पण आपल्याला ती कधी दिसली नाही. यातल्या कुठल्या गोष्टीचा राग अधिक आला, हे त्यानं पुढं दीड वर्ष स्वतःला विचारलं नाही.

होळीनंतर हाल्वोर घरी जायला निघाला. फळी कापडात गुंडाळून त्यानं गंगाधरला दिली. “आता छापायची नाही. दोन पावसाळे बघू दे तिला. लाकूड शांत होतं. मग मी येतो, मग छापू. एक प्रत मला, एक तिला.” एकही प्रत काढलेली नव्हती. जगात ते चित्र फक्त त्या फळीवर होतं. आषाढात नॉर्वेहून पत्र आलं. अक्षर हाल्वोरचं नव्हतं, बाईमाणसाचं असावं. भाषा त्यांची, एक अक्षर कळेना. वर ‘श्री’ नाही. आणि पत्राचा उजवा कोपरा फाडलेला. नानांनी पत्र लांबूनच पाहिलं. कोपरा फाडलेलं, बिनश्रीचं, दुसऱ्याच्या हातचं पत्र कशाचं असतं हे त्यांना काय कुणी सांगायला हवं? मरणाचं पत्र घरात ठेवत नाहीत. त्यांनी ते तिथल्या तिथं फाडलं, तुकडे बाहेर टाकले, आणि म्हणाले, “गंगाधर, पाणी काढ. आंघोळी करायच्या आहेत.” अक्कानं स्वयंपाकघराच्या दाराआडून विचारलं, “कोण?” “नॉर्वेकर गेले.” आत भांडं पडल्याचा आवाज झाला. गंगाधर उभा होता. पत्र नानांच्या हातात असताना त्यानं त्या कोपऱ्याची कड पाहिली होती. उजेडात तंतू दिसत होते. लांब, चांगले. तोंड उघडून एक वाक्य बोलायचं होतं: नाना, तो सगळेच कोपरे फाडतो. वाक्य जिभेवर आलं, तिथं क्षणभर बसलं, आणि खाली गेलं. मग पाणी काढायला तो विहिरीवर गेला.

त्याला नक्की ठाऊक होतं असंही नाही. हे तो स्वतःला नेहमी सांगे. माणूस गेलाही असेल, कोपराही फाडलेला असेल, दोन्ही खरं असू शकतं. पण देह परदेशी, म्हणून नानांनी पालाशविधी काढला, पळसाच्या पानादेठांचा माणूस करून त्याला अग्नी देण्याचा. पुत्र नाही तर शिष्यानं द्यावा, असं ठरलं. हाल्वोर सहा फूट दोन इंच होता. पळसाचा नॉर्वेकर शास्त्राच्या मापानं केल्यामुळं चार फुटांतच आटोपला. गंगाधरनं त्याला अग्नी दिला तेव्हा तो पळस ओला असल्यामुळं चांगलाच धुपला आणि सगळ्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं. शिष्याच्या जरा जास्तच. दहाव्याला पिंड ठेवला आणि मागं सरकायच्या आत कावळा आला. “तृप्त गेले,” नाना म्हणाले. कावळ्याला नॉर्वे ठाऊक नव्हतं, भात ठाऊक होता.

चौदाव्या दिवशी दुपारी गंगाधरनं माळ्यावरून फळी काढली आणि शेजारच्या सुताराकडून रंधा आणला. मनाशी त्याचं भाषण तयार होतं. अक्काच्या अब्रूचा प्रश्न आहे, उद्या हे चित्र छापून भिंतीवर लागलं, तर लोक काय म्हणतील. भाषण चांगलं होतं, स्वच्छ होतं. रंध्याच्या पहिल्या घासात पाणी गेलं. दुसऱ्यात डोईवरचा पदर. खांद्याची गाठ कडक होती, तिथं रंधा अडखळला, उडाला, पुन्हा पुन्हा तेच. लाकडाची गोल गोल सालपटं पायाशी पडत होती आणि त्यांच्यावर कुठं हाताचा, कुठं पायरीचा तुकडा दिसत होता. त्या जागी त्याला स्वतःचं चित्र कोरायचं होतं. हे खरं कारण. फळी चांगली होती, माणूस गेला होता, आणि जगात एकदा तरी कुणी आपल्या कामाला आंबट म्हणावं, असं त्याला वाटत होतं. दीड वर्ष झालं. त्यानं तीवर एक रेघ ओढली नाही. ओढायला बसला, की लाकडाच्या रेषा आपोआप पाण्यासारख्या दिसू लागत, आणि पाण्यासमोर काय काढायचं हे त्याला सुचेना. म्हणजे सुचे. एकच गोष्ट सुचे, आणि तीच तर त्यानं काढून टाकली होती.

घरी गंगाधरनं नानांना पोस्टकार्ड दाखवलं. मग त्यांनी नामावळी काढली, हाल्वोरच्या नावापुढं ‘कैलासवासी’ लिहिलं होतं त्यावर बोट ठेवलं, आणि विचारलं, “हे कसं खोडायचं?”

“एक रेघ मारायची, नाना.”

“रेघ मारून माणूस जिवंत होतो? तू ड्रॉइंगमास्तर आहेस म्हणून तुला रेघांचं कौतुक.” नाना उठून फेऱ्या घालू लागले. “अग्नी दिलाय. पिंड दिलेत. तो माणूस आपल्या लेखी गेला. आता असाच उंबऱ्याच्या आत येऊन बसायचं म्हणाला तर चालेल का? शास्त्रात तोड आहे. त्याला पुन्हा जन्म द्यावा लागेल.”

“म्हणजे?”

“म्हणजे तुपाची आंघोळ. जातकर्म. बारसं.”

“नाना, ते त्रेसष्ट वर्षांचे आहेत.”

“त्यात लाजायचं काय? कुणी आधी जन्मतं, कुणी मागून.”

अक्का चुलीपाशी पाठमोरी बसली होती. तवा चढवलेला, भाकरी थापलेली, पण ती टाकत नव्हती. “गंगाधर,” ती न वळता म्हणाली, “त्यांची फळी माळ्यावरच आहे ना?” “आहे की.” “मी कधी खाली काढली नाही,” अक्का म्हणाली. “आवाज मात्र ऐकला होता एकदा. दुपारचा. मला वाटलं, पाट करतोयस.” मग तिनं भाकरी टाकली. गंगाधरला त्या रात्री जेवण गेलं नाही, आणि शुक्रवारी शाळेत त्यानं वांगं पुसून भोपळा शिकवायला घेतला.

शनिवारी नाशिकरोडला गाडी वेळेवर आली. गाड्यांना अशा दिवशी उशीर होत नाही. डब्यातून आधी एक काठी उतरली, मग डावा पाय, मग हाल्वोर. उजवा हात कोटाच्या खिशात शिवल्यासारखा होता. गंगाधर पुढं झाला आणि नमस्काराला वाकला. त्यात सोय अशी, की तोंड दिसत नाही. टांग्यात हाल्वोरनं सांगितलं. झटका आला होता, सगळी उजवी बाजू गेली. पाय अर्धा परत आला, हात आला नाही. आता कोरणं संपलं. “ती शेवटची,” तो म्हणाला, “घाटावरची. म्हणून आलो. बरं झालं ती तुझ्याकडं.” घोड्याच्या टापा रस्त्यावर वाजत होत्या. गंगाधरनं त्या मोजायचा प्रयत्न केला. “बहिणीनं पत्र लिहिलं होतं. माझ्या हातानं येईना. मिळालं?”

“मिळालं.”

“मी डाव्या हातानं कोपरा फाडला. आजारानंतर पहिलं काम. कागद चांगला होता, बघितलास?”

“बघितला,” गंगाधर म्हणाला. इतकं खरं तो त्या दिवसात पुन्हा बोलला नाही.

“फळी?”

“आहे.” हेही खोटं नव्हतं.

दारात नानांनी दोन्ही हात आडवे धरून त्याला थांबवलं आणि तो मेलेला आहे हे अतिशय आदरानं समजावून सांगितलं. गंगाधर भाषांतर करत होता. एखाद्याला त्याच्या पळसाच्या देहाची उंची परकीय भाषेत सांगणं सोपं नसतं. हाल्वोरनं सगळं ऐकलं. कुणी का मारलं, कशावरून मारलं, असं काही विचारलं नाही. तो इतका हसला, की काठी सुटली. “आईला कळलं असतं तर!” तो म्हणाला. “ती म्हणाली असती, चुकीचा परत आला.” त्या रात्री तो महेबूबभाईंकडं निजला. मेलेल्या माणसाला ठेवून घ्यायला त्यांची ना नव्हती. “आपल्याकडं भाडं दिलं की जिंदा,” ते म्हणाले.

रविवारी सकाळी मागच्या अंगणात हाल्वोरला पाटावर बसवलं, डोक्यावर तूप ओतलं, ऊन पाण्यानं न्हाऊ घातलं, आणि नानांच्या जुन्या पंचात गुंडाळलं. थंडीनं त्याचे दात वाजत होते आणि तो तान्ह्या मुलासारखा सगळ्यांकडं टकामका पाहत होता. नानांनी मंत्र म्हटले. बारशाला शेजारच्या सुवासिनी बोलावल्या होत्या, त्यांतली एकही आली नाही. नाव कानात सांगायचं ते कुणी? आत्या हवी. हाल्वोरच्या बापाची बहीण वारल्याला चाळीस वर्षं झाली होती. नाना पंचांगाकडं पाहत राहिले. अक्का स्वयंपाकघराच्या उंबऱ्याआड होती. शुभकार्यात तिनं पुढं यायचं नसतं. “कान इकडं करा म्हणावं,” ती आतून म्हणाली. नानांनी मान वर करून वळचणीकडं पाहिलं, आणि वळचणीत काहीतरी फार महत्त्वाचं असावं तसे पाहतच राहिले. हाल्वोर काठी टेकत दारापाशी गेला, वाकला. अक्का भिंतीकडं तोंड करून म्हणाली, “कुर्रर्र... हाल्वोर.” तिला ते नाव बरोबर म्हणता आलं. गंगाधरला वाटलं, ती ते मनात पुष्कळदा म्हणाली असावी.

“आता फळी,” नवजात माणूस म्हणाला.

गंगाधरनं माळ्यावरून ती आणली. जिन्याच्या पायऱ्या नऊ होत्या, त्याला वाटलं, नव्वद असायला काय हरकत होती. त्यानं फळी पाटावर ठेवली आणि कापड सोडलं. हाल्वोरनं पाहिलं. मग डाव्या हाताचा पंजा तीवर ठेवला आणि हळूहळू फिरवला. पाण्याच्या जागी, पायरीच्या जागी. गाठीपाशी हात थांबला. तिथं रंधा नीट चालला नव्हता, जरासा उंचवटा राहिला होता. अंगठ्यानं तो तेवढा उंचवटा कुरवाळत राहिला.

“कोण?”

“मी.”

“हे काय आहे?” नाना म्हणाले. “चित्र कुठं गेलं?” हाल्वोरनं पिशवीतून कागद काढला. आणि सवयीनं, दातात धरून, डाव्या हातानं त्याचा कोपरा फाडला. फाटलेली कड उन्हाकडं धरली.

नाना पाहत होते. “हे असं... हे नेहमी करतात?”

“हो, नाना.”

“प्रत्येक कागदाचं?”

“प्रत्येक.”

“तुला ठाऊक होतं?”

अंगणात तुपाचा वास होता. कुंपणावर एक कावळा येऊन बसला होता, भात नाही हे पाहून तो गेला. गंगाधरनं मान हलवली. होय की नाही हे त्या हालण्यावरून कळण्यासारखं नव्हतं, पण नाना तीस वर्षं यजमानांच्या माना वाचत आले होते. त्यांनी हातातली पळी खाली ठेवली, उठले, आणि पाठ फिरवून तुळशीपाशी जाऊन उभे राहिले.

हाल्वोरनं फळीला शाई लावली. निळी, जाड. कागद वर पसरला. त्यानं नानांची पळी उचलली आणि तिच्या पाठीनं कागद घासायला लागला. डाव्या हातात जोर नव्हता. “तुझा हात,” तो गंगाधरला म्हणाला. “उजवा.” गंगाधरनं त्याच्या हातावर हात ठेवला. दोघांनी घासलं. रागावलेल्या माणसाचा हात गंगाधरला समजला असता. हा हात फक्त कामात होता, आणि त्याला पुढचं काम हवं होतं. कागद उचलला तेव्हा त्यावर लाकडाच्या रेषा उमटल्या होत्या. वरपासून खालपर्यंत नुसतं पाणी, लांबच लांब, आणि उजव्या अंगाला गाठीचा एक गडद भोवरा. माणूस कुठंच नव्हतं. हाल्वोरनं कागद दूर धरला, जवळ आणला. गंगाधर वाट पाहत होता. आता तरी घाण म्हणेल, भयंकर म्हणेल, काठी उचलेल. तेवढं झालं असतं तरी चाललं असतं.

“गेली,” हाल्वोर म्हणाला. एक्केचाळीस वेळा उभी केलेली बाई जाऊन मोकळा झालेला तो धक्का तो डोळे बारीक करून पाहत होता, आणि त्याचा चेहरा उजळत होता. गंगाधरला ते पाहवेना. “जागा रिकामी. म्हणजे येन्स आला. ती त्याच्याबरोबर घरी गेली.”

त्यानं कागद उंच धरला, सगळ्यांना दिसावा म्हणून. तुळशीपाशी नाना वळले नाहीत. स्वयंपाकघराच्या दारात मात्र हालचाल झाली. अक्का उंबरा ओलांडून अंगणात आली होती, उन्हात, सगळ्यांसमोर, पदर मागं सरकलेला. इतकी वर्षं भिंतीकडं, चुलीकडं, पाण्याकडं असलेलं तोंड तिनं त्या दोघांकडं केलं होतं. तिनं कागदाकडं पाहिलं, मग फळीकडं, मग भावाकडं.

“गेली कुठं?” ती म्हणाली. “मी इथंच आहे की.”

हाल्वोरचा डावा हात कागदासकट खाली आला. गंगाधर शाईनं निळी झालेली आपली बोटं धोतराला पुसू लागला आणि बराच वेळ पुसत राहिला. वर पाहिलं असतं तर बहिणीचा चेहरा दिसला असता.